बँकॉक : दिवसभराची गाईडेड सिटी टूर घ्यावी की आपलं आपण फिरावं?

सायली_ठाणे

नमस्कार मंडळी,

दिवाळीनंतर, नोव्हेंबरात आई-बाबांना घेऊन थायलंडला निघालोय. बाबा ७२, आई ६८, आम्ही दोघं आणि नऊ वर्षांचे चिरंजीव. पॅकेज घेतलंय. पट्टाया, कोरल आयलंड, सफारी वर्ल्ड, सगळं नेहमीचंच. त्यात 'बँकॉक सिटी टूर' आहे म्हणून मी निर्धास्त होते. परवा कार्यक्रम नीट वाचला तर सिटी टूर म्हणजे सोन्याचा बुद्ध, संगमरवरी देऊळ आणि 'जेम्स गॅलरीला भेट', म्हणजे रत्नांचं दुकान. बस्स! ग्रँड पॅलेस नाही, वाट फो नाही, वाट अरुण नाही (वाट म्हणजे तिकडे देऊळ). फोन केला तर म्हणे, "मॅडम, ते ऑप्शनलमध्ये येतं." आग्र्याला नेऊन ताजमहालाऐवजी पेठ्याचं दुकान दाखवण्यातला प्रकार झाला हा.

शेवटचा एक दिवस मोकळा आहे. हॉटेल सुखुमवितला. ऑनलाइन दिवसभराच्या गाईडेड टूर बऱ्याच दिसतात, सकाळी हॉटेलवरून उचलतात आणि संध्याकाळी आणून सोडतात. नाहीतर मेट्रो-टॅक्सी करत आपलं आपण. बाबा निवृत्त मुख्याध्यापक आहेत, पाटी दिसली की पूर्ण वाचल्याशिवाय पुढे सरकत नाहीत. आईचे गुडघे कुरकुरतात. चिरंजीवांना दर तासाला भूक लागते. नवरा तटस्थ. काय करावं?

उनाडटप्पू

सरळ आपलं आपण. गाईडेड टूर म्हणजे दिवसभर कुणीतरी उंच धरलेल्या छत्रीमागे पळायचं. सुखुमवितहून मेट्रोची निळी लाईन थेट सनाम चाय स्टेशनला जाते, गाडी बदलायची भानगड नाही. ते स्टेशनच बघण्यासारखं आहे, खांब आणि छत जुन्या दरबारासारखे केलेत. वर आलात की वाट फो पाच मिनिटांवर. यात गाईड कशाला हवाय?

कुंदा_मावशी

उनाडटप्पू, तुमचे गुडघे अजून बोलायला लागले नाहीत म्हणून हे सुचतंय. आम्ही चौघी बहिणी दिवसभराची टूर घेऊन फिरलो. बस थंडगार, बसल्या जागी गार पाण्याची बाटली, स्वच्छतागृह कुठे आहे ते गाईड आपणहून सांगायची. या वयात तेवढं पुरतं हो. कुठला वाट कुठला हे आता आठवत नाही, पण कुणीही दमलं नाही आणि कुणी कुणावर चिडलं नाही. चार बहिणी म्हटल्यावर हे काय असतं ते ज्याचं त्याला कळेल.

तिरकस

'नवरा तटस्थ' हे वाचून वाटलं, बँकॉकला बुद्धमूर्ती बघायची गरजच नाही.

सायली_ठाणे

@तिरकस, नवऱ्याला वाचून दाखवलं. तरीही तटस्थ.

बँकॉकवासी

सायलीताई, मी इथेच राहतो आणि पाहुण्यांना राजवाड्यापर्यंत पोहोचवणं हा माझा आता घरगुती उद्योग झालाय, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

आधी पॅकेजचं. राजवाड्याचं तिकीट परदेशी माणसाला ५०० बाथ. बाथ पावणेतीन रुपयांच्या आसपास धरा. चाळीस जणांच्या बसला नेलं तर नुसत्या तिकिटांचा आकडा बघा, शिवाय आत दोन-अडीच तास मोडतात. सोन्याचा बुद्ध आणि संगमरवरी देऊळ इथे तिकीट किरकोळ, अर्ध्या तासात माणसं परत बसमध्ये. आणि रत्नांच्या दुकानात बस नेली की दुकानवाला कमिशन देतो. तुमची सिटी टूर या हिशेबातून जन्माला येते, इतिहास-भूगोलातून नाही. फक्त आपल्याकडच्यांचंच असं आहे असंही समजू नका. २०१६ मध्ये इथल्या सरकारने 'झिरो डॉलर टूर'वर धाडी घातल्या, त्या मुख्यतः चिनी पर्यटकांच्या होत्या. टूर जवळजवळ फुकट विकायची आणि खर्च दुकानातून वसूल करायचा, हाच प्रकार.

आता तुमचा हिशेब. राजवाडा ५००, वाट फो ३००, वाट अरुण २००. म्हणजे माणशी हजार बाथ. १२० सेंटिमीटरपेक्षा कमी उंचीच्या मुलांना राजवाडा फुकट, पण नऊ वर्षांचा मुलगा बहुधा त्याच्या वर गेला असेल, भिंतीला उभा करून मोजा. पाच जणांचे पाच हजार बाथ, म्हणजे तेरा-चौदा हजार रुपये हे कुठल्याही मार्गाने गेलात तरी द्यावेच लागणार. ऑनलाइन टूर स्वस्त दिसली की 'प्रवेश शुल्क समाविष्ट नाही' ही बारीक अक्षरातली ओळ शोधा.

आणि वेळ. राजवाडा सकाळी साडेआठला उघडतो, तिकीट खिडकी दुपारी साडेतीनला बंद. जी टूर राजवाडा दुपारी ठेवते ती घेऊ नका. आवारात सावली फार कमी, फरशी तापते आणि देवळात शिरताना चपला काढायच्या असतात. पातळ मोजे पिशवीत ठेवा.

मध्यमवर्गीय

बँकॉकवासी, उत्तम प्रतिसाद. वाचनखूण साठवली.

एक शंका. आमच्या वेळी पॅकेजचा टूर मॅनेजर मराठीच होता, तोच सगळीकडे मस्त माहिती द्यायचा. राजवाड्यात मात्र तोंडाला कुलूप लावून बसला. आम्हाला वाटलं अभ्यास कमी पडला.

बँकॉकवासी

अभ्यास नाही हो, कायदा. टूर गाईडचं काम थायलंडमध्ये थाई नागरिकांसाठी राखीव आहे आणि त्यालाही परवाना लागतो. परवान्याचं कार्ड गळ्यात अडकवलेलं असतं. भारतीय टूर मॅनेजर बसमध्ये विनोद सांगेल, डबे वाटेल, माणसं मोजेल, पण राजवाड्यात उभा राहून माहिती देताना पकडला गेला तर पंचाईत. मी स्वतः पाहुण्यांना आत नेतो तेव्हाही हळू आवाजात बोलतो.

अवलिया_७७

माझं मत जरा वेगळं. दिवसभराची टूर नको आणि गाईडशिवायही नको. फक्त सकाळपुरता, फक्त तुमच्या कुटुंबापुरता परवानाधारक गाईड करा. दुपारी त्याला नमस्कार, मग हॉटेलवर जा, झोपा, मॉलमध्ये जा.

कारण सांगतो. राजवाड्याच्या आवारात जे वाट फ्रा केव आहे, पाचूच्या बुद्धाचं देऊळ, त्याच्या भोवतीच्या ओवरीत सलग १७८ चित्रांमध्ये रामायण रंगवलंय. त्यांचं रामायण, रामकियन. छत्रीवाले गट या ओवरीतून नुसते चालत जातात, कारण त्यांना पाचूच्या बुद्धापुढे जागा पकडायची असते. तो बुद्ध ६६ सेंटिमीटरचा, उंच चौथऱ्यावर, आत फोटोला मनाई. दोन मिनिटांत दर्शन आटपतं. (आणि नावाला पाचू असला तरी दगड जेडचा आहे.) खरा खजिना ओवरीत आहे, पण कुणी उलगडून सांगितलं नाही तर ती फक्त सोनेरी गर्दी दिसते. मुख्याध्यापकांना तिथे दीड तास द्या. आवडेल त्यांना.

उनाडटप्पू

रामायण आपल्याला पाठ आहे की! गाईड काय नवीन सांगणार?

अवलिया_७७

तिथेच तर मेख आहे. सीता ही रावणाचीच मुलगी, हे पाठ आहे? मारुतीची प्रेमप्रकरणं पाठ आहेत?

दापोलीकर

काय???

अवलिया_७७

रामकियनमधला हनुमान ब्रह्मचारी नाही. पांढराशुभ्र, देखणा, चावट आणि जाईल तिथे प्रेमात पडणारा. बिभीषणाची मुलगी बेंयाकाई. रावण तिला सीतेच्या प्रेताचं सोंग घेऊन नदीतून वाहत जायला सांगतो, म्हणजे राम खचेल. हनुमानाला संशय येतो, तो ते 'प्रेत' चितेवर ठेवायला लावतो, ती धुराबरोबर पळते, हा तिला पकडतो आणि पुढे दोघांचं जमतं. दुसरी सुवर्णमत्स्या, रावणाचीच मुलगी, पण मत्स्यकन्या. सेतू बांधताना रात्री दगड नाहीसे होतात, ते ती आणि तिचे मासे पळवत असतात. हनुमान भांडायला पाण्यात उतरतो आणि लग्न करून वर येतो.

दापोलीकर

आमच्या गावच्या मारुतीच्या पारावर हे वाचून दाखवायची माझी हिंमत नाही.

तिरकस

शनिवारी तर नकोच.

कुंदा_मावशी

जय बजरंगबली! आम्ही त्या ओवरीत सावली आहे म्हणून बसलो होतो, वर काय चाललंय ते कुणी सांगितलंच नाही.

सहस्रबुद्धी

या धाग्यावर उड्या पडण्याआधी एक सांगतो. हे आपल्याला वाटतं तितकं परकं नाही. त्या सुवर्णमत्स्येपासून हनुमानाला मच्छानू नावाचा मुलगा होतो, अर्धा माकड, शेपूट माशाची, आणि तो पाताळाच्या वाटेवर पहारा देतो. आता आपला मकरध्वज आठवा. अहिरावण-महिरावणाच्या कथेत पाताळाच्या दारावर कोण भेटतं? आपल्याकडे घामाचा थेंब मगरीने गिळला म्हणून ब्रह्मचर्य शाबूत, त्यांनी सरळ लग्न लावून दिलं. महिरावणही आहे तिथे, मैयराप नावाने. रामाला पळवायला तो येणार म्हणून हनुमान प्रचंड रूप घेतो आणि रामाचा अख्खा मंडप तोंडात धरून बसतो. ओवरीतलं हे चित्र चुकवू नका.

इथले राजे 'राम पहिला, राम दुसरा' असे मोजले जातात हे माहीत असेलच. पहिल्याने १७८२ मध्ये बँकॉकला राजधानी वसवली आणि हा राजवाडा बांधायला घेतला. रामकियन काव्यरूपात लिहून काढण्याचं कामही त्याच्याच कारकिर्दीतलं. त्याआधीची राजधानी अयुथ्या १७६७ मध्ये ब्रह्मदेशच्या सैन्याने जाळली, जुन्या पोथ्याही त्यात गेल्या. पुन्हा सगळं उभं करायचं तर त्यात रामायणही आलं.

मध्यमवर्गीय

सहस्रबुद्धींचा प्रतिसाद आला की धाग्याचं भाग्य उजळतं. आता मूळ प्रश्नावर येऊ या का? दिवसभराच्या टूरमध्ये आमच्या बाबतीत काय झालं ते सांगतो. आम्हीही ऑनलाइन घेतली होती, कंपनीचं नाव घेत नाही. सकाळी साडेसातला पिकअप. आम्हाला उचलल्यावर आणखी पाच हॉटेलं. राजवाड्यापाशी पोहोचलो तेव्हा दहा वाजून गेले होते. आत पंचेचाळीस मिनिटं, मग वाट फो धावतपळत, जेवण. आणि दुपारी दीड ते साडेतीन, दिवसाची ऐन वेळ, आधी रत्नांचं दुकान आणि मग चामड्याचं. दुकानात दाराशीच छातीवर नंबरचा स्टिकर लावतात, म्हणजे कुठल्या गाईडची माणसं ते कळावं. बायकोने स्टिकर काढून टाकला तर विक्रेतीचा चेहरा पडला. वाट अरुण आम्ही नदीच्या या काठावरूनच पाहिलं, "ट्रॅफिक, सर."

कुंदा_मावशी

दुकान आम्हालाही होतं, पण आम्हाला आवडलं ते. थंडगार, बसायला सोफे, सरबत. घेतलं काहीच नाही. माझी धाकटी बहीण दीड तास अंगठ्या घालून बघत होती.

तिरकस

मावशी, त्या दुकानाचा तुम्ही घेतलेला सूड इतिहासात नोंदला गेला पाहिजे.

गोंयकार

एक धोक्याची सूचना, कारण इथे अजून कुणी लिहिलं नाही. राजवाड्याच्या भिंतीलगत चालताना छान कपड्यांतला, छान इंग्रजी बोलणारा माणूस भेटेल. "आज पॅलेस बंद आहे, धार्मिक विधी आहे, एक वाजता उघडेल. तोवर हा टुकटुकवाला फक्त वीस बाथमध्ये तीन देवळं दाखवेल." ऐकू नका. देवळं होतात, मग शिंप्याचं दुकान, मग रत्नांचं. गेटवर लाऊडस्पीकरवरून अनोळखी माणसांवर विश्वास ठेवू नका म्हणून सांगत असतात, पण तोपर्यंत माणूस गेटपर्यंत पोहोचलेला नसतो ना! आमच्या पाव्हण्यांनी याच पद्धतीने सूट शिवून घेतला. गोव्यात सूट. मे महिन्यात लग्नाला घातला.

बँकॉकवासी

गोंयकारांना शंभर टक्के अनुमोदन. आणि यातच उनाडटप्पूंच्या मार्गाची एक अडचण आहे. सनाम चाय स्टेशन वाट फोला जवळ, पण राजवाड्याचं पर्यटकांचं दार उत्तरेला, ना फ्रा लान रस्त्यावर. म्हणजे भिंतीला वळसा घालून पंधरा-वीस मिनिटं उन्हातून चाल, आणि हे बंद-आहेवाले त्याच वळशावर उभे असतात. गुडघ्यांचा प्रश्न असेल तर ॲपवरून टॅक्सी बोलवा आणि थेट दारात उतरा. नाहीतर नदीतून या. स्कायट्रेनने सफान ताकसिन, खालीच धक्का, तिथून नारिंगी झेंड्याच्या बोटीने था चांग, राजवाड्याजवळचा धक्का. बाबांना बोट आवडेल, नातवाला तर नक्कीच.

उनाडटप्पू

मान्य, दार उत्तरेला आहे हे लिहायला हवं होतं. पण मुद्दा सोडत नाही. वाट फोला आणि वाट अरुणला गाईड नकोच. वाट फोमधला पहुडलेला बुद्ध ४६ मीटर लांब, १५ मीटर उंच, तो दिसायला गाईड लागत नाही. तळव्यांवर शिंपल्यांच्या नक्षीत १०८ शुभचिन्हं आहेत, ती बघा. मागच्या बाजूने १०८ पितळी वाडगी ओळीने मांडलेली असतात, सुट्या नाण्यांची वाटी विकत घेऊन एकेक टाकत जायचं. मुलगा खूश. आवारातच मसाज शाळा आहे, आईंच्या गुडघ्यांना तिथे द्या. मग था तियेनच्या धक्क्यावरून नदी ओलांडायची, समोर वाट अरुण. सगळा मनोरा चिनी मातीच्या कपबशांच्या तुकड्यांनी मढवलेला, लांबून दगड वाटतो, जवळ गेल्यावर फुलं दिसतात.

पाककुशल

खाण्याचं कुणी बोलेल का? आम्ही जैन नाही पण सासूबाई कांदा-लसूण खात नाहीत. दिवसभराच्या टूरच्या 'व्हेज लंच'मध्ये काय मिळतं?

मध्यमवर्गीय

पांढरा भात, वाफवलेली कोबी आणि सहानुभूती.

बँकॉकवासी

@पाककुशल, 'जे' शब्द लक्षात ठेवा, उच्चार मराठीतल्या 'जे'सारखाच, जरा लांबवलेला. पिवळ्या पाटीवर लाल अक्षरं असतात. हे चिनी परंपरेतलं व्रताचं जेवण. मांस, मासे, अंडी तर नाहीतच, कांदा-लसूणही वर्ज्य. सासूबाईंसाठी अगदी तयार सोय. नुसतं 'व्हेजिटेरियन' म्हटलं तर भाजीत माशाचं पाणी, म्हणजे नाम प्ला, बिनधास्त घालतात, त्यांच्या लेखी ते मिठासारखं. आपलं जेवण हवं तर पाहुरत. राजवाड्यापासून टॅक्सीने जवळ, मोठा गुरुद्वारा आहे, कापडाची दुकानं आणि गल्लीबोळांत पुरी-छोले, समोसे, चहा.

आणि न विचारलेलं पण सगळ्या काकूंच्या मनात असलेलं सांगतो: स्वच्छतागृहांत जेट स्प्रे जवळपास सगळीकडे असतो.

कुंदा_मावशी

हे सगळ्यात महत्त्वाचं आणि हे सगळ्यात शेवटी!

दापोलीकर

अवांतर, पण गणपती कुठे बघायला मिळेल का? मारुतीचा धक्का पचवायला कुणीतरी हवं.

सहस्रबुद्धी

भरपूर. तिथल्या ललितकला खात्याच्या बोधचिन्हावरच गणपती आहे. सीलोमला श्रीमहामारीअम्मन देऊळ आहे, तमिळ लोकांनी उभारलेलं, थाई मंडळी त्याला वाट खेक म्हणतात. नवरात्रात तिथली मिरवणूक बघण्यासारखी. पण दापोलीकर, तुम्ही देवस्थान बघा. राजवाड्यापासून फार लांब नाही, उंच लाल झोक्याच्या खांबांजवळ. १७८४ मध्ये बांधलेलं, शिव, गणपती आणि विष्णू यांची तीन वेगवेगळी दालनं. दरबारचे ब्राह्मण अजून तिथे आहेत, पांढरी वस्त्रं, डोक्यावर बुचडा. दर वर्षी मे महिन्यात राजवाड्यासमोरच्या मैदानात नांगरणीचा शाही विधी होतो तो यांच्याच हातून. बैलांपुढे सात पदार्थ ठेवतात, बैल काय खातील त्यावरून पीकपाण्याचं भाकीत. आपल्या भेंडवळच्या घटमांडणीची आठवण झाली मला. कुठल्याही दिवसभराच्या टूरमध्ये देवस्थान नसतं, हे वेगळं सांगायला नको.

सायलीताई, नोव्हेंबरात जाताय तर पौर्णिमा बघा. लॉय क्राथोंग त्याच पौर्णिमेला येतं, म्हणजे बहुतेक वेळा आपली त्रिपुरी. केळीच्या सोपटाच्या चकतीवर फुलं, उदबत्ती, मेणबत्ती लावून नदीत सोडतात. आईंना समजवावं लागणार नाही.

तिरकस

एक घाबरत विचारतो. पॅकेजमध्ये आहेच तर सोन्याचा बुद्ध बघावा की तोही दुकानाच्या पंक्तीतला?

अवलिया_७७

जरूर बघा, पॅकेजवाल्यांनी चुकून एक चांगली गोष्ट दिलीय. साडेपाच टन सोनं आहे. वर चुन्याचा गिलावा होता, त्यामुळे लोकांना तो साधाच बुद्ध वाटत होता. १९५५ मध्ये हलवताना दोर तुटला, मूर्ती खाली आली, गिलावा टवका होऊन उडाला आणि आत सोनं दिसलं. शत्रूपासून लपवायला कुणीतरी गिलावा केला असणार आणि जाणारे सांगायचे राहिले. मुलाला हे मूर्तीसमोर उभं राहून सांगा. संगमरवरी देऊळही वाईट नाही, दगड इटलीतल्या कराराचा. पाच बाथचं जुनं नाणं हाती आलं तर उलटून बघा, तेच देऊळ आहे.

सायली_ठाणे

सगळ्यांचे मनापासून आभार. घरी काल अधिवेशन भरलं. बाबांना रामकियनचं वाचून दाखवलं, ते म्हणाले "असं कसं असेल" आणि मग रात्री अकरापर्यंत त्यावरच बोलत होते. ठरलं: दिवसभराची टूर रद्द. अवलिया म्हणतात तसा सकाळपुरता गाईड, टॅक्सीने थेट दारात, साडेआठच्या ठोक्याला. मग उनाडटप्पूंच्या मार्गाने वाट फो आणि नदीपलीकडे, जमलं तर. दोन्ही पक्षांना खूश केलंय. नवऱ्याने मत दिलं! "मला चालेल."

तिरकस

ऐतिहासिक क्षण. स्क्रीनशॉट घेतला.

बँकॉकवासी

उत्तम. गाईड ठरवताना परवाना विचारा आणि मेसेजमध्ये स्पष्ट लिहून घ्या, 'दुकान नाही'. कुणी वाईट वाटून घेत नाही. कपडे खांदे-गुडघे झाकणारे, चिरंजीवांनाही फुल पँट बरी. नाहीतर बाहेर हत्तीछाप पायजमे विकत मिळतातच. आणि इथे पोहोचण्याआधीच्या तीन दिवसांत डिजिटल अरायव्हल कार्ड भरा, १ मे २०२५ पासून सक्तीचं आहे. सरकारी संकेतस्थळावर फुकट, पैसे मागणारी साईट दिसली की बंद करा.

उनाडटप्पू

आल्यावर वृत्तांत हवा. तोपर्यंत मी छत्रीविरोधी आघाडी सांभाळतो.

सायली_ठाणे

धागा वर काढतेय. आलो परत!

गाईड म्हणून पन्नाशीच्या एक बाई आल्या, गळ्यात कार्ड, हातात घडीची छत्री (उनाडटप्पू, माफ करा). आधीच सांगून ठेवलं होतं की पाचूच्या बुद्धापेक्षा ओवरी महत्त्वाची. त्या आधी हसल्या, मग म्हणाल्या, भारतीय लोक नेहमी उलट सांगतात. उत्तरेच्या दरवाजापासून सुरुवात केली, जनकाला सीता सापडते तिथून. बाबा पहिल्या दहा चित्रांत तपासनीसाच्या भूमिकेत होते, प्रत्येक चित्राला "हे आमच्याकडे असं नाही." मग मंडप तोंडात धरलेला हनुमान आला. बाबा गप्प. जवळ जाऊन बघत राहिले. दातांच्या फटीतून मंडपाचं छत दिसतं, आत पहारेकरी झोपलेले. मग त्यांनीच बाईंना मकरध्वज सांगायला सुरुवात केली, मी तोडकंमोडकं इंग्रजी करत होते. बाईंनी छोट्या वहीत लिहून घेतलं, पुढच्या भारतीय पाहुण्यांना सांगेन म्हणाल्या.

पुढच्या वळणावर एक चित्रकार स्टुलावर बसून भिंतीवरच्या एका मुकुटाला सोनेरी रंग भरत होता. ब्रश इतका बारीक की लेकाला वाटलं तो नुसतं बोट फिरवतोय. लेक अर्धा तास तिथून हलला नाही. भूक लागल्याचं आठवलंच नाही त्याला, हे आमच्या घरातलं आश्चर्य.

साडेअकरानंतर ऊन मात्र भयंकर. आई ओवरीतच बसून राहिली, सिंहासन-महाल वगैरे भाग आम्ही पळतच पाहिला आणि त्याचं मला वाईट वाटलं नाही. वाट फो झालं, वाडग्यांत नाणी टाकून झाली, आईने मसाज घेतला आणि तिथेच झोपली. वाट अरुणला गेलोच नाही. समोर दिसत होतं, होडी होती, पण सगळे संपले होते. पॅकेजची सिटी टूर आदल्या दिवशी झाली होती. दुकानात आम्हीही स्टिकर काढून टाकला, आणि आईने मावशींसारखं दीड तास अंगठ्या बघितल्या.

कुंदा_मावशी

शाब्बास तुमच्या आईंना!

पाककुशल

'जे' जेवण मिळालं का?

सायली_ठाणे

मिळालं. वाट फोच्या मागच्या गल्लीत पिवळी पाटी दिसली. टोफू, मशरूम आणि भात. बाबांना बेचव वाटलं, मी बॅगेतली शेंगदाण्याची चटणी काढली.

बँकॉकवासी

राजवाड्याच्या तिकिटावर खोन नृत्यनाट्याचा प्रवेशही असतो, साला चालेर्मक्रुंग थिएटरमध्ये, सोमवार ते शुक्रवार. तेच रामकियन, मुखवटे घालून. तुम्ही पाहिलं का?

सायली_ठाणे

अहो, हे आधी सांगायचं ना!

बँकॉकवासी

तुम्ही 'आईचे गुडघे' लिहिलं होतं, म्हणून म्हटलं आणखी भर नको.

नवीन_पाखरू

खूप छान धागा. आम्ही पुढच्या महिन्यात फुकेतला जातोय, तिथे कोणती टूर घ्यावी?

मध्यमवर्गीय

@नवीन_पाखरू, वेगळा धागा काढा, इथे मारुतीचं लग्न लागलंय. आणि दुकान आहे का ते आधी विचारा.